‘टेन्शन मत ले’ म्हणण्याआधी

(तरुणांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



आपल्या घरात सगळ्यात स्वस्त औषध कोणतं, माहीत आहे? ‘टेन्शन मत ले.’ निकाल लागायचा असतो, अब्बा म्हणतात, टेन्शन मत ले. नोकरी जाते, मित्र म्हणतो, टेन्शन नको घेऊस यार. अम्मीला रात्री झोप लागत नाही, तर शेजारची खाला सांगते, तुम्ही फार टेन्शन घेता बघा. सगळे प्रेमानेच म्हणतात. पण तो शब्द बघा, ‘घेता’. जणू कुणी ताटात वाढलं होतं आणि आपण दोनदा मागून घेतलं! मग ज्याच्यावर आधीच ओझं आहे त्याच्यावर आणखी एक ओझं पडतं, की हा माझाच दोष, मीच कमजोर. काही घरांत तर याच्याही पुढे जाऊन सांगतात की याचं ईमान कच्चं आहे.

मी डॉक्टर नाही, हे आधीच सांगतो. मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. सिस्टिमवर लोड आला की ती कुठून तडकते आणि का तडकते, हे शोधणं माझं रोजचं काम. गेली दोन-तीन वर्षं तोच प्रश्न शरीराबद्दल मनात घेऊन वाचतोय. त्यातलं जे नीट तपासलेलं आहे आणि आपल्या उपयोगाचं आहे, तेवढंच आज सांगणार आहे.

एका वाक्यात सांगायचं तर थोडा वेळ आलेला ताण शरीर सहज पेलतं, त्यासाठीच ते बनलेलं आहे. बिघाड होतो तो ताण महिनोन्‌महिने न उतरल्यामुळे. आणि तो का उतरत नाही, याची बरीचशी कारणं आपल्या स्वभावात नसतात, आपल्या परिस्थितीत असतात.

आधी चांगली बाजू

रात्री अकरा वाजता तुम्ही मोटारसायकलवरून घरी येताय. गल्लीच्या तोंडाशी एक कुत्रं भुंकत अंगावर धावून येतं. पुढच्या दोन सेकंदांत काय होतं? छाती धडधडते, हात हँडलवर घट्ट आवळले जातात, पाय आपोआप वर उचलले जातात. यातलं काहीही तुम्ही विचार करून केलेलं नसतं.

मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या दोन छोट्या ग्रंथी आहेत, ॲड्रिनल. मेंदूचा इशारा मिळताच त्या रक्तात ॲड्रिनलिन सोडतात. हृदय जोरात पंप करतं, रक्तदाब वाढतो, श्वास वेगाने होतो, पोटाकडचं रक्त स्नायूंकडे वळतं. पचन थांबलं तरी चालेल, आत्ता जीव वाचवायचाय. हार्वर्डचे शरीरक्रियाशास्त्रज्ञ वॉल्टर कॅनन यांनी १९१५ मध्ये याचं सविस्तर वर्णन केलं. ‘लढा किंवा पळा’ ही कल्पना त्यांचीच.

याच्या मागून दुसरी, संथ लाट येते. मेंदूतला हायपोथॅलॅमस पिट्युटरी ग्रंथीला निरोप देतो, पिट्युटरी ॲड्रिनलला देते आणि कॉर्टिसॉल नावाचं संप्रेरक रक्तात येतं. त्याची पातळी साधारण वीस ते तीस मिनिटांनी सर्वांत वर जाते. यकृतातली साखर बाहेर काढून रक्तात सोडायची, रक्तदाब धरून ठेवायचा, सूज आटोक्यात ठेवायची, ही त्याची कामं.

आणि मग हे सगळं थांबतं कसं? घरातला गिझर आठवा. पाणी तापलं की थर्मोस्टॅट वीज तोडतो. इथेही तसंच आहे. रक्तातलं कॉर्टिसॉल वाढलं की मेंदूला ते कळतं आणि मेंदू पुढचा निरोप पाठवणं थांबवतो. कुत्रं मागे राहिलं, तुम्ही घरी आलात, पाणी प्यायलात, अर्ध्या-एक तासात शरीर पूर्वीसारखं. अप्रतिम डिझाइन आहे हे. इंटरव्ह्यूच्या आधी पोटात गोळा येतो, तेव्हाही हेच यंत्र काम करत असतं. त्याला घाबरायचं कारण नाही.

मग बिघडतं काय?

‘स्ट्रेस’ हा शब्द वैद्यकशास्त्राने आमच्या इंजिनिअरिंगकडून घेतला आहे. तुमच्यात मेकॅनिकल किंवा सिव्हिलवाले असतील तर त्यांना आठवत असेल, ‘स्ट्रेंथ ऑफ मटेरियल्स’चा पेपर. हान्स सेल्ये नावाच्या संशोधकाने कॅनडात मॉन्ट्रिअलला उंदरांवर प्रयोग केले आणि १९३६ मध्ये ‘नेचर’मध्ये एक छोटी टिपणी छापली. थंडी, जखम, विषारी द्रव्य, अतिश्रम, उंदराला त्रास कशानेही दिला तरी शरीरात तेच तीन बदल त्याला दिसले. ॲड्रिनल ग्रंथी फुगलेल्या, प्रतिकारशक्तीशी संबंधित थायमस ग्रंथी आक्रसलेली आणि जठरात व्रण. या अवस्थेला पुढे ‘स्ट्रेस’ हे नाव पडलं.

याच विषयातली आणखी एक गोष्ट मला फार उपयोगी वाटते. एकोणिसाव्या शतकात रेल्वेच्या डब्यांचे आस, म्हणजे ॲक्सल, अचानक मोडायचे. लोखंड चांगलं असायचं, भार मर्यादेतला असायचा. जर्मनीत ऑगस्ट व्होलर यांनी अनेक वर्षं प्रयोग करून दाखवलं की एका झटक्यात धातू मोडण्यासाठी जेवढा भार लागतो, त्याच्यापेक्षा कितीतरी कमी भार लाखो वेळा येत राहिला तरी धातूत बारीक तडा पडतो, तो वाढत जातो आणि एक दिवस आस मोडतो. याला ‘फटीग’ म्हणतात, धातूचा थकवा. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, कालपर्यंत तर नीट चालत होता!

आपण माणसांबद्दलही हेच म्हणतो ना? ‘चाळीसचाही नव्हता. कालच चहा प्यायलो आम्ही.’

पण शरीर आणि लोखंड यांत एक मोठा फरक आहे. लोखंड स्वतःला दुरुस्त करत नाही, शरीर करतं. झोपेत करतं, विश्रांतीत करतं, निश्चिंत बसलेलं असताना करतं. म्हणून शरीराच्या बाबतीत भार किती, याच्याइतकाच महत्त्वाचा प्रश्न हा की दोन भारांच्या मध्ये दुरुस्तीला वेळ मिळतो का. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर विद्यापीठातले ब्रूस मॅकइवेन यांनी १९९३ मध्ये एलियट स्टेलर यांच्यासोबत या साचत जाणाऱ्या झिजेला ‘ॲलोस्टॅटिक लोड’ हे नाव दिलं. आपण तिला सरळ झीज म्हणू.

झीज कुठे कुठे होते?

सुरुवात हृदयापासून करू. रोज अनेक तास रक्तदाब चढलेला राहिला की रक्तवाहिन्यांच्या आतल्या नाजूक अस्तराला इजा होते. तिथे चरबी आणि सूज साचते, वाहिनी अरुंद होते. केरळमध्ये जन्मलेले आणि कॅनडात काम करणारे हृदयरोगतज्ज्ञ सलीम युसुफ यांच्या नेतृत्वाखाली ५२ देशांत ‘इंटरहार्ट’ नावाचा मोठा अभ्यास झाला. २००४ मध्ये त्याचे निष्कर्ष आले. पहिला हार्ट अटॅक आलेल्या सुमारे १५ हजार लोकांची तुलना जवळपास तेवढ्याच निरोगी लोकांशी केली होती. कामाच्या जागी सतत ताण असल्याचं सांगणाऱ्यांमध्ये हार्ट अटॅकची शक्यता दुपटीहून थोडी जास्त निघाली. याच अभ्यासातून आणखी एक गोष्ट पुढे आली. दक्षिण आशियात, म्हणजे आपल्याकडे, पहिला अटॅक सरासरी ५३ व्या वर्षी येतो, इतरत्र तो ५९ च्या आसपास. सहा वर्षं आधी. घरातला कमावता माणूस, मुलांची शिक्षणं अर्धवट, अशा वयात.

कामाच्या तासांचंही बघा. जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय कामगार संघटना यांनी २०२१ मध्ये एकत्र हिशेब मांडला. आठवड्याला ५५ तास किंवा त्याहून जास्त काम करणाऱ्यांना ३५ ते ४० तास काम करणाऱ्यांपेक्षा पक्षाघाताचा धोका ३५ टक्के जास्त आणि हृदयविकाराने मरण्याचा धोका १७ टक्के जास्त. आमच्या आयटीत दिवसभर ऑफिस करून रात्री साडेनऊला अमेरिकेतल्या क्लायंटचा कॉल घेणाऱ्याला लोक कष्टाळू म्हणतात. रिक्षा चालवून रात्री डिलिव्हरी करणाऱ्यालाही आपण हेच म्हणतो. कष्टाळू तो आहेच. पण हा आकडा त्याला कुणी सांगत नाही.

मग येते शुगर. कॉर्टिसॉल सतत वर राहिलं की यकृत साखर सोडत राहतं आणि इन्सुलिनचा परिणाम कमी होतो. पळायला मिळालेली साखर आपण खुर्चीत बसून कशी खर्च करणार? ती पोटाभोवती चरबी होऊन बसते. आयसीएमआरच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी अभ्यासानुसार भारतात सुमारे १० कोटी १० लाख लोकांना मधुमेह आहे. त्याची कारणं अनेक आहेत, आहार, बैठं काम, आनुवंशिकता. ताण त्यात भर घालतो.

झोपेचा यात मोठा वाटा आहे. शिकागोत १९९९ मध्ये ११ निरोगी तरुणांना सलग सहा रात्री फक्त चार-चार तास झोपू दिलं. आठवडाभरातच त्यांचं शरीर साखर नीट वापरेनासं झालं आणि संध्याकाळी जे कॉर्टिसॉल उतरायला हवं, ते चढलेलं राहिलं. तरुण पोरं होती, तुमच्या वयाची.

आता प्रतिकारशक्ती. अमेरिकेतल्या ओहायोत जॅनिस किकोल्ट-ग्लेझर यांनी १९९५ मध्ये एक साधा प्रयोग छापला. घरातल्या स्मृतिभ्रंश झालेल्या वडीलधाऱ्यांची सेवा करणाऱ्या १३ स्त्रिया घेतल्या आणि त्याच वयाच्या, तशी जबाबदारी नसलेल्या १३. प्रत्येकीच्या हातावर साडेतीन मिलिमीटरची एकसारखी छोटी जखम केली आणि भरायला किती दिवस लागतात ते मोजलं. सेवा करणाऱ्या स्त्रियांची जखम सरासरी नऊ दिवस उशिरा भरली. मनातलं ओझं कातडीवर मोजता आलं!

आपल्या घरात दादीचं अंथरूण कोण बदलतं? नानांच्या औषधांच्या वेळा कोण सांभाळतं? बहुतेक वेळा अम्मी, भाभी नाहीतर लग्न न झालेली बहीण. ती थकली म्हणाली की आपण म्हणतो, घरातच तर असतेस. तो नऊ दिवसांचा फरक अशा वेळी आठवावा.

शेवटी मेंदू. स्पर्धा परीक्षा देणाऱ्यांनी हे लक्ष देऊन ऐका. न्यूयॉर्कमध्ये मेडिकलच्या २० विद्यार्थ्यांना एका मोठ्या परीक्षेची महिनाभर तयारी केल्यानंतर तपासलं. एका गोष्टीवरून दुसऱ्या गोष्टीकडे लक्ष वळवण्याची त्यांची क्षमता कमी झाली होती आणि मेंदूच्या पुढच्या भागातले दुवेही ढिले पडल्याचं स्कॅनमध्ये दिसलं. परीक्षा संपली, महिनाभर ताण कमी राहिला आणि त्यांचा मेंदू पुन्हा पूर्ववत झाला. २००९ चा हा अभ्यास आहे. त्यातलं ‘पूर्ववत झाला’ हे लक्षात ठेवा. वाचलेलं डोक्यात राहत नाही म्हणून स्वतःला ढ ठरवणाऱ्या मुलाला आधी विश्रांतीची गरज असू शकते.

सगळं खापर ताणावर फोडू नका

इथे एक इशारा. अनेक वर्षं डॉक्टरसुद्धा सांगायचे की पोटातला अल्सर टेन्शनमुळे होतो. ऑस्ट्रेलियाच्या बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी दाखवलं की बहुतेक अल्सरच्या मुळाशी हेलिकोबॅक्टर पायलोरी नावाचा जिवाणू असतो आणि अँटिबायोटिक्सने तो बरा होतो. २००५ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. तेव्हा छातीत दुखलं, सारखी तहान लागली, वजन उतरत गेलं, तर ‘टेन्शन असेल’ म्हणून घरी बसायचं नाही. तपासून घ्यायचं.

ताण उतरत का नाही?

आता मूळ प्रश्नाकडे येतो. सगळ्यांना कामं आहेत, जबाबदाऱ्या आहेत. मग काहींचं शरीर जास्त का झिजतं? मोठ्या साहेबाला जास्त टेन्शन असतं, असा आपला समज. तो लंडनमध्ये तपासला गेला. १९६७ पासून सुमारे १८ हजार पुरुष सरकारी कर्मचाऱ्यांवर वर्षानुवर्षं नजर ठेवली गेली. हा ‘व्हाइटहॉल’ अभ्यास. निकाल उलटा आला. सर्वांत खालच्या श्रेणीतल्या कर्मचाऱ्यांचा मृत्यूदर सर्वांत वरच्या श्रेणीतल्यांच्या सुमारे तिप्पट होता. सिगारेट, रक्तदाब, कोलेस्टेरॉल हे सगळं हिशेबात धरूनही फरक पूर्ण मिटेना. म्हणून १९८५ मध्ये मायकेल मार्मट यांच्या नेतृत्वाखाली दुसरा अभ्यास सुरू झाला, १०,३०८ स्त्री-पुरुषांचा. त्यातून १९९७ मध्ये एक मोठं कारण पुढे आलं, कामावरचा ताबा. आपलं काम कधी, कसं, कोणत्या क्रमाने करायचं हे ज्यांच्या हातात फारसं नव्हतं, त्यांना हृदयविकार जास्त झाला.

साहेबाला काम जास्त असेल, पण जेवायला कधी उठायचं हे त्याचं तो ठरवतो. कॉल सेंटरमधली मुलगी पाणी प्यायला उठली तरी स्क्रीनवर सेकंद मोजले जातात. आणि सून? घरात काय शिजेल, ती माहेरी कधी जाईल, नोकरी करेल की नाही, हे जिथे दुसरेच ठरवतात, तिथेही प्रश्न ताब्याचाच आहे.

ताण टिकण्याचं दुसरं कारण अनिश्चितता. लंडनमध्येच २०१६ मध्ये ४५ जणांना संगणकावर एक खेळ दिला. दगड उचलायचे, खाली साप आहे की नाही याचा अंदाज करायचा. साप निघाला की हाताला छोटा पण दुखणारा शॉक. त्यांचा घाम आणि डोळ्यांच्या बाहुल्या मोजल्या. सर्वांत जास्त ताण कधी आला असेल? शॉक बसण्याची शक्यता अर्धी-अर्धी असताना. शॉक नक्की बसणार हे माहीत होतं, तेव्हासुद्धा ताण त्याहून कमी होता.

आता आपल्याकडे बघा. परीक्षेची तारीख पुढे, निकाल लांबलेला, नियुक्तीचं पत्र अडकलेलं, दर अकरा महिन्यांनी संपणारं कंत्राट. आमच्याकडे ‘पुढच्या तिमाहीत काही लोक कमी करणार’ अशी कुजबुज. प्रत्यक्ष नोकरी गेली तर माणूस दुसऱ्या दिवशी उठून दुसरी शोधायला लागतो. कुजबुज मात्र सहा महिने शरीर पोखरते.

आणि आपल्यापैकी अनेकांना माहीत असलेला तो फोन. घर भाड्याने बघायला फोन करायचा, सगळं ठरायचं आणि नाव सांगितल्यावर समोर दोन सेकंद शांतता. सुखदेव थोरात आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा दिल्ली आणि आसपासच्या शहरांतला अभ्यास २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. दलित आणि मुस्लिम नावांनी घर मागितलं की नकार जास्त येतात, हे त्यात दिसलं. प्रत्येक वेळी नकार येत नाही. तेच तर! कधी येईल ते सांगता येत नाही, म्हणून प्रत्येक फोनच्या आधी छाती धडधडते. अमेरिकेत आर्लिन जेरोनिमस यांनी १९९२ मध्ये काळ्या स्त्रियांच्या आरोग्याबद्दल हेच मांडलं होतं. सततचा भेदभाव आणि टंचाई यांनी शरीर वयाच्या आधी झिजतं, जसा ऊनपावसाने दरवाजा झिजतो. ही गोष्ट मी रडगाणं म्हणून सांगत नाही. भेदभावाविरुद्ध बोलणं हा आरोग्याचाही विषय आहे, एवढंच मला म्हणायचंय.

माणसं किती कामाची असतात

आता थोडी आशेची गोष्ट. पिट्सबर्गमध्ये शेल्डन कोहेन यांनी २७६ निरोगी लोकांना पैसे देऊन बोलावलं, नाकात सर्दीच्या विषाणूचे थेंब टाकले आणि काही दिवस वेगळं ठेवलं. कुणाला सर्दी झाली? महिन्यापेक्षा कमी काळ ताणात असलेल्यांना धोका वाढलेला दिसला नाही. महिनाभर किंवा त्याहून जास्त काळ तीव्र ताण असलेल्यांना दिसला, आणि त्यातही दोन कारणं पुढे होती. बेकारी किंवा अपुरं काम हे एक, आणि जवळच्या माणसाशी लांबलेलं भांडण हे दुसरं.

याच लोकांत त्यांनी नातीही मोजली. किती माणसं हे नाही, किती प्रकारची. घरचे, मित्र, शेजारी, सहकारी, एखादी संस्था, एखादा खेळाचा ग्रुप. सहा किंवा अधिक प्रकारची नाती असणाऱ्यांना, एक ते तीन प्रकारची नाती असणाऱ्यांपेक्षा सर्दी बरीच कमी झाली. हे का, याचा अंदाज मला असा वाटतो. एका जागी दार बंद झालं तरी दुसरीकडे आपल्याला कुणीतरी ओळखतं. ऑफिसात अपमान झालेला माणूस संध्याकाळी क्रिकेटच्या मैदानावर अजूनही चांगला बॉलर असतो.

तर करायचं काय?

पहिलं, झोपेची वेळ ठरवा. किती वाजता उठायचं ते पक्कं करा, सुट्टीलाही तेच. कॉर्टिसॉलचं स्वतःचं घड्याळ आहे. सकाळी जाग आल्यावर ते चढतं, मध्यरात्रीच्या सुमारास सर्वांत खाली असतं. त्या घड्याळाशी रोज कुस्ती खेळू नका. रात्री फोन दुसऱ्या खोलीत. एकच खोली असेल तर कपाटात.

दुसरं, हातपाय हलवा. पळण्यासाठी बाहेर काढलेली साखर चालून तरी खर्च करा. जागतिक आरोग्य संघटना आठवड्याला किमान १५० मिनिटं मध्यम व्यायाम सांगते, म्हणजे पाच दिवस अर्धा-अर्धा तास भरभर चालणं. जिमचे पैसे लागत नाहीत. मुलींना मोकळेपणाने चालायला जागा आणि सोबत मिळावी, हे बघणं भावांचंही काम आहे.

तिसरं, श्वास. पाच मिनिटं, मिनिटाला साधारण सहा श्वास, सोडताना जास्त वेळ. हृदयाचा वेग त्याने खाली येतो. सिगारेटने ‘रिलॅक्स’ वाटतं म्हणणाऱ्यांना सांगतो, निकोटिन ॲड्रिनलिन वाढवतं. ते तलफ शांत करतं, शरीर नाही.

चौथं, मोजा. तिशीच्या आसपास वर्षातून एकदा बीपी आणि शुगर. आपल्याकडच्या मापानुसार कंबर पुरुषांत ९० सेंटिमीटर आणि स्त्रियांत ८० च्या आत हवी. अम्मीचंही मोजा. तिचा बीपी शेवटचा कधी पाहिला, हे आपल्यातल्या किती जणांना सांगता येईल?

पाचवं, ताबा आणि निश्चितता यांचे छोटे तुकडे परत मिळवा. कागदावर दोन रकाने करा. माझ्या हातात काय आहे आणि काय नाही. निकालाची तारीख आपल्या हातात नाही, पण दुसरा पर्याय कधी सुरू करायचा ती तारीख आपण ठरवू शकतो. कितव्या प्रयत्नानंतर थांबायचं हे आजच घरच्यांसमोर ठरलं, तर पुढची दोन वर्षं डोक्यावर टांगलेली राहत नाहीत. आमच्या टीममध्ये रात्रीच्या इमर्जन्सी फोनची पाळी लावली. आज कुणाचा फोन वाजणार हे आधी कळतं, त्यामुळे बाकीचे निवांत झोपतात. घरातही हे जमतं. दादीजवळ रात्री कोण झोपणार याची पाळी लावा, आणि त्यात मुलांची नावंही लिहा.

सहावं, मदत घ्या. दोन आठवडे झोप नाही, कशात मन लागत नाही, जगणं नकोसं वाटतं, तर डॉक्टरकडे जा. सरकारची ‘टेलि-मानस’ ही मोफत सेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे, नंबर १४४१६, दिवसरात्र, आपल्या भाषेत. छातीत दाब, डाव्या हातात किंवा जबड्यात कळ, दरदरून घाम असं झालं तर मात्र चर्चा नको, १०८ ला फोन करा आणि थेट हॉस्पिटल गाठा. फोनमध्ये हे दोन्ही नंबर आत्ताच सेव्ह करा, मी थांबतो.

झालं? ठीक.

कागदावरच्या दुसऱ्या रकान्याबद्दल बोलून संपवतो. ‘माझ्या हातात नाही’ असं जे आपण लिहू, त्यातलं बरंच काही ‘आपल्या’ हातात असतं. कंत्राटी कामाचे तास, निकालांच्या तारखा, घर देताना विचारलं जाणारं नाव, मोहल्ल्यात मुलींना चालायला नसलेलं मैदान. एकट्याने श्वासाचे व्यायाम करून हे बदलत नाही. त्यासाठी अर्ज लागतात, मोर्चे लागतात, संघटना लागते. आणि त्या कामात जी माणसं भेटतात, ती आपल्या नात्यांत एका प्रकाराची भर घालतात.

यापुढे कुणी ‘मला टेन्शन आहे’ म्हणालं तर ‘मत ले’ म्हणू नका. ‘कशाचं आहे?’ असं विचारा. मग ‘त्यातलं मी काय करू?’ हेही विचारा. उत्तर कदाचित एवढंच येईल, की उद्या माझ्याबरोबर बँकेत चल, किंवा आज रात्री नानांजवळ तू थांब. तेवढं करा.

आता तुमचे प्रश्न.